देव परत जाईपर्यंत

“मेमे, कॉफी ठेवलीय हं. साखर बेताचीच घातलीय, ओरडू नका.”

मेमेच्या खोलीतून वहिनीचा आवाज आला आणि अंगणात तियारीचे पाय जागच्या जागी थांबले. डोक्यावरचं हेल्मेट काढायचंही तिला भान नव्हतं. उजाडताना मुडितादादाचा फोन आला होता. “मेमे झोपलीय. असशील तशी निघ.” एवढंच. इथं वाढलेल्या माणसाला यापुढे काही सांगावं लागत नाही. गावच्या देवळात उत्सव लागला, देव खाली उतरून आसनांवर बसले, की ते परत जाईपर्यंत गावात कुणी मरत नाही. फार तर झोपतं. समुद्राकाठच्या सासरहून इथवर तियारीनं मेमे, आपली आई, गेली हे मनाशी घोकतच गाडी चालवली होती. आणि आता हे साखरेचं वाक्य. क्षणभर तिला वाटलं, दादाचं चुकलं. आत्ता ती उठेल आणि म्हणेल, ही कॉफी आहे की काढा?

सरिंगवहिनी बाहेर आली. तिच्या हातात काल संध्याकाळचा पेला होता, काठोकाठ भरलेला. तियारीनं त्या पेल्याकडे बघितलं आणि मग तिचं चुकलं-बिकलं वाटणं संपलं.

“हेल्मेट काढ आधी,” वहिनी म्हणाली. “आणि इकडे बघ. रडायचं नाही. शेजारी बायका पानं विणत बसल्यात, सगळ्यांना ठाऊक आहे, पण कुणाला ऐकू जायला नको. परवा देव गेले की पोटभर रड, मी पण रडेन, आपण दोघी मिळून रडू.”

“कशी गेल—”

“झोपली,” वहिनी चटकन म्हणाली. “काल दुपारी. तिथं, त्या खांबाला टेकून. देवळासाठी पानांचे द्रोण विणत होत्या. मला म्हणाल्या, सरिंग, तुझी सुरी बोथट आहे. मी धार लावायला आत गेले, आले तर मान कलली होती. पान हातातच.”

खोलीत मेमे रोजच्यासारखी कुशीवर निजली होती. पांघरूण छातीपर्यंत. अंगावर पांढरं वस्त्र नव्हतं, उशाशी दिवा नव्हता. अंगणातल्या पूर्वेच्या चौथऱ्यावर जिथं या घरातल्या प्रत्येक मेलेल्या माणसाला नेऊन ठेवलं, तिथं तिला नेता येत नव्हतं. झोपलेलं माणूस आपल्या बिछान्यातच असतं. दवाखान्यातला ओळखीचा एकजण रात्रीत येऊन शरीर टिकवायचं इंजेक्शन देऊन गेला होता, त्याचा उग्र वास उदबत्तीच्या वासाखाली दबून होता. उशाजवळ चष्मा. शेजारी वाफाळती कॉफी.

तियारी खाली बसली. आईच्या हाताला हात लावला आणि चटका बसावा तसा मागे घेतला.

दादा देवळातून आला तेव्हा ती तशीच बसलेली होती. तो पांढऱ्या पोशाखात होता, डोक्याला पांढरं फडकं, कानामागे चाफ्याचं फूल. यंदा उत्सवाचा प्रमुख तोच. सकाळपासून गावातल्या शंभर माणसांनी त्याला विचारलं होतं, आई कशी आहे, आणि शंभरांनाही तो म्हणाला होता, झोपलीय. विचारणाऱ्यांनी मान हलवून म्हटलं होतं, झोपू दे.

“आलीस,” तो म्हणाला. “नीट ऐक. परवा दुपारी देव परत जातील. ते गेले की आपण सांगायचं. मग चौथऱ्यावर घेऊ, आंघोळ, सगळं रीतसर. आणि जाळल्यानंतर, पुढचे सगळे विधी झाले, की बापाशेजारी बसवू तिला. किती वर्षं एकटा बसलाय तो.”

ईशान्येच्या कोपऱ्यातल्या देवघरात तीन कप्प्यांचं लाकडी घर होतं. त्यातल्या उजव्या कप्प्यात घरातले गेलेले बाप पितर होऊन बसत, डाव्यात आया.

“दादा, मी वाटेत एक फोन केला.”

“कुणाला? सासरी सांगितलंस ना, ते ठीक आहे.”

“मामांना.”

“कुठल्या मामांना?” त्यानं खरोखरच विचारलं. आपल्याला मामा आहे हे दोघांना ठाऊक होतं, पण तो कधी लागला नव्हता.

“नदीपलीकडच्या. गुस्ती नगुरा अलित. मेमेनंच नंबर दिला होता, मी मागे आले होते तेव्हा. म्हणाली, असू दे तुझ्याकडे.”

मुडितानं कानामागचं फूल काढलं, त्याच्याकडे बघितलं, पुन्हा खोचलं. “काय सांगितलंस?”

“झोपलीय म्हटलं.”

“तुला सांगितलं होतं का मी, फोन कर म्हणून? त्या घरानं पन्नास वर्षांत या दारात कुत्रं पाठवलं नाही. बापा वारला तेव्हा कोण आलं होतं?”

“माझ्या हातून झाला, दादा. मी थांबले रस्त्याकडेला आणि केला. का ते मला माहीत नाही.”

“माहीत नाही!” तो म्हणाला, पण ओरडता येत नसल्यानं त्याला तेही कुजबुजूनच म्हणावं लागलं.

*

मामा आले तेव्हा सरिंग दारातच होती, उंबऱ्यावर फुलांचा द्रोण ठेवत. समोर पांढरी छडी दिसली, मग सोनेरी काठाचं नेसणं, मग तो चेहरा. तिच्या हातातली पेटती उदबत्ती पायावर पडली. सासूबाईंचंच नाक, सासूबाईंचीच ती एक भुवई वर चढलेली. पुरुषाच्या तोंडावर.

“ओका इथंच राहते ना?” म्हाताऱ्यानं विचारलं.

तिच्या लक्षात यायला वेळ लागला. मेमेला त्या नावानं हाक मारणारं या गावात कुणी उरलं नव्हतं.

“हो. या. या ना. म्हणजे... झोपल्यात.”

“माहीत आहे मला. म्हणून तर आलो.”

त्यांना बसवायचं कुठं, हा पहिला घोर. गुस्तींच्या, म्हणजे वरच्या जातीच्या घरातला माणूस, त्याला सगळ्यांपेक्षा उंच बसवायला हवं. घरात उंच म्हणावी अशी एकच खुर्ची, तिचा एक पाय हलता. कॉफी द्यावी तर हे आपल्या घरचं पितील का? न द्यावी तर तोही अपमान. तिनं दिली. त्यांनी पेला हातात घेतला, प्यायले नाहीत, खालीही ठेवला नाही. तो तसाच धरून ते मेमेच्या खोलीत गेले आणि बिछान्याजवळ खाली, चटईवर बसले. खुर्ची तशीच राहिली.

“ओकाताई,” ते म्हणाले. “लठ्ठ झालीस.”

दारात उभ्या तियारीच्या घशातून काहीतरी आवाज आला. सरिंगनं तिचा दंड दाबला.

मुडिता देवळात परत निघाला होता, तो अंगणातून मागे फिरला. त्यानं वाकून हात जोडले, आणि मोठ्या घरच्यांशी बोलायची जी भाषा तो फक्त पुरोहितांशी बोलत असे, ती काढली. “आपण आलात, आम्ही धन्य झालो. आपल्याला कळवण्यात बहिणीनं घाई केली—”

“साधं बोल रे,” मामा म्हणाले. “बहिणीचा मुलगा ना तू? मला थोडंच बोलायचंय. परवा तुमचे देव परत गेले की हिला मी घेऊन जाणार.”

“कुठं?”

“घरी.”

“घरीच तर आहेत त्या,” सरिंग म्हणाली.

“हे तिचं घर नाही, सूनबाई. तिनं आमच्या पितरांचा निरोप घेतलेला नाही. लग्न करून जाणारी मुलगी देवघरापुढे बसते, फुलं वाहते, सांगते की मी चालले, आता मला त्या घरच्यांनी सांभाळायचं. हिनं ते केलेलं नाही. आमच्या घरी ती अजून कुमारी आहे. आमचीच आहे. तिला आमच्या दारातून न्यायचं, आमच्या घरचं तीर्थ द्यायचं आणि आमच्यात घ्यायचं.”

लांबून, देवळातून गामेलानच्या घंटा-झांजांची लय ऐकू येत होती.

“निरोप घेतला होता,” मुडिता म्हणाला. “बापानं शंभरदा सांगितलंय. पळून गेल्यानंतर ते परत गेले होते. फुलं, केळी, पिठाच्या वड्या, कोंबडी, सगळं डोक्यावर घेऊन. निरोप झाला.”

“आले होते. खरं आहे. दार बंद होतं.”

“कुणी केलं बंद?”

“मी. वडील म्हणाले, अडसर घाल, मी घातला. मी तेव्हा तुझ्या निम्म्या वयाचाही नव्हतो. वडील म्हणाले, खालच्या घरी गेलेल्या मुलीला निरोप कसला, ती मेली. बाहेर ते बराच वेळ उभे होते. मग त्यांच्यातला कुणी म्हातारा म्हणाला, इथूनच हात जोडा पोरांनो, झालं, पितरांना ऐकू जातं. आणि ते गेले.”

“म्हणजे झालाच की!”

“मुडिता,” मामा शांतपणे म्हणाले, “तू उत्सव चालवतोस. तूच सांग. पितर रस्त्यावर बसतात का?”

मुडितानं वळून ईशान्येच्या देवघराकडे बघितलं. त्याच्या चेहऱ्याचा रंग उतरला होता. आणि मग सरिंगला काहीतरी आठवलं.

“थांबा,” ती म्हणाली. “तियारी, मला सांग. मेमेंना या देवघरात हात जोडताना तू कधी बघितलंयस?”

“काहीतरीच काय विचारतेस? रोज तर तीच सगळं—”

“सगळं मांडायच्या. फुलं, भात, पाणी, सगळं. हात जोडताना?”

तियारी बघत राहिली. सणाच्या दिवशी सगळं घर ओळीनं बसायचं आणि मेमे म्हणायची, तुम्ही बसा, भात लागेल. तुम्ही बसा, मी कुत्री हाकलते. तियारी स्वतः लग्नाच्या वेळी या देवघराचा निरोप घ्यायला बसली, तेव्हा मेमे चुलीपाशी होती. धुरानं डोळे लाल झाले म्हणाली होती.

“मी या घरात आले त्या दिवशी,” सरिंग म्हणाली, “तबक माझ्या हातात दिलं. म्हणाल्या, यापुढे तू वाहा, तुझे हात पक्के आहेत. मला वाटलं माझं कौतुक चाललंय. मी माहेरी जाऊन सांगितलं पण!”

“तिला माहीत होतं,” तियारी म्हणाली. “निरोप झाला नाही, म्हणून या पितरांना हात जोडायचे नाहीत.”

“माहीत होतं आणि बोलली नाही?” मुडिताचा आवाज चिरकला. “आयुष्यभर? बापाला तरी?”

“बापाला काय सांगणार? तू केलंस ते झालंच नाही म्हणून?”

मुडिता खोलीबाहेर गेला, चौथऱ्याच्या कडेला बसला, पुन्हा उठला. “ती इथंच राहणार,” तो दारातून म्हणाला. “बापाशेजारी. मला काही ऐकायचं नाही.”

“आणि तिला घरी जायचं असेल तर?” तियारीनं विचारलं.

“काय म्हणालीस?”

“नंबर का दिला तिनं मला? तुला नाही दिला. कुणास ठाऊक दादा, तिला तिकडे जायचं असेल. शेवटी तरी.”

“तू कुणाच्या बाजूची आहेस गं?”

“मी कुणाच्याच नाही. मी रीतसर निरोप घेऊन गेलेली आहे. माझा डावा कप्पा दुसरीकडे आहे.”

हे बोलणं जिव्हारी लागेल हे तिला बोलताना कळलं नव्हतं. दादाचा चेहरा बघून कळलं. मामा दोघांकडे आळीपाळीनं बघत होते. पहिल्यांदाच त्यांच्या नजरेत काहीतरी मऊ आलं, भाचीच्या बाजूनं झुकलेलं.

पण तियारी त्यांच्याकडे वळली. “मामा, तुमचं तिच्याशी बोलणं झालं होतं ना? फोनवर मी नाव सांगितल्याबरोबर तुम्ही ओळखलंत.”

“झालं होतं. उत्सवाच्या तयारीच्या दिवसांत. तिनंच फोन केला.”

“काय म्हणाली? नीट सांगा. तिचे शब्द सांगा.”

मामांनी हातातल्या गार झालेल्या कॉफीकडे बघितलं. त्यांना खोटं बोलता आलं असतं. सरिंगला ते स्पष्ट दिसलं, आणि ते बोलणार नाहीत हेही.

“म्हणाली, अलित, आता बाबा नाहीत. दार उघडशील का? मी म्हटलं, कशाला? म्हणाली, मला निरोप घ्यायचाय. मेल्यावर नवऱ्याशेजारी बसायचंय. मी म्हटलं, तुमचा उत्सव होऊन जाऊ दे, मग ये.”



“आणि तरी तुम्ही तिला न्यायला आलात,” तियारी म्हणाली.

“मग काय करू? सोडून देऊ मधेच? ना इकडची ना तिकडची? निरोप ज्याचा त्यानं घ्यायचा असतो, पोरी. त्याला माणूस जिवंत लागतं.”

“जिवंतच आहेत की,” सरिंग म्हणाली.

सगळ्यांनी तिच्याकडे बघितलं. ती स्वतःच दचकली होती. पण शब्द निघून गेला होता, आता मागे घेण्यात अर्थ नव्हता.

“झोपल्यात,” ती म्हणाली. “मी नाही म्हणत, गाव म्हणतंय. उत्सवाचा प्रमुख म्हणतोय. सकाळपासून मी दोनदा कॉफी नेलीय, मेलेल्या बाईला कुणी कॉफी नेतं? देव परत जाईपर्यंत मेमे झोपलेल्या आहेत, आणि झोपलेल्या बाईला निरोप घेता येतो. आजारी नवरीच्या जागी तिचं वस्त्र नेऊन ठेवतात, तसं न्यायचं. आजच्या आज.”

“सरिंग!” मुडिता म्हणाला.

मामा हळूहळू उभे राहिले. छडी चटईवरच राहिली. “सूनबाई, माझ्या देवघरात तू काय आणायला सांगतेयस? माझ्या पितरांपुढे विटाळ—”

“विटाळ कसला? कोण गेलंय?”

“कोण गेलंय ते तुला—” ते थांबले. तो शब्द त्यांच्या ओठांवर आला होता, तिघांनाही दिसत होता. तो उच्चारला की संपलं. देव बसलेले असताना गावात मृत्यू, देवळाची शुद्धी, मुडिताला तोंड दाखवायची सोय नाही. आणि मेमे त्यांची. एका शब्दाचं काम होतं. शेजारच्या अंगणात पानं विणणाऱ्या बायकांची बडबडही थांबल्यासारखी वाटली.

मामांनी तो शब्द गिळला. खाली बसले.

“तुमच्या घरात ही बुद्धी कुणाची?” त्यांनी मुडिताला विचारलं. “तुझी तर दिसत नाही.”

“नाही,” मुडिता म्हणाला.

“तुम्हाला कळतंय का तुम्ही माझ्याकडे काय मागताय? आत्ता ती आमची आहे. तुमचे देव गेले, गावाला कळवणारं कुलकुल वाजलं, की मी तिच्यापुढे बसून हात जोडू शकतो. थोरली आहे माझी. निरोप झाला की ती तुमच्या घरची, तुमच्या पायरीची. लेकरांना चालतं, लेकरं आईला हात जोडणारच. पण मला नाही. आमच्या घरातला माणूस खालच्या घरच्या प्रेतापुढे हात जोडत नाही. मी तसा नियम केलेला नाही, पण मी तो मोडणारही नाही. घरातल्या सगळ्यांना मीच तो पाळायला लावत आलोय.”

“मग आत्ताच जोडा, मामा,” तियारी म्हणाली. “आत्ता ती तुमचीच आहे.”

मामांनी तिच्याकडे बघितलं, आणि या घरात आल्यापासून पहिल्यांदा ते हसले. ते हसणं पाहवत नव्हतं.

“झोपलेल्या बाईला कुणी हात जोडतं का गं?”

*

मेमेचं रोजचं नेसणं आणि कमरेची पिवळी पट्टी तियारीच्या मांडीवर होती. गाडीत मामाभाची काही बोलले नाहीत. मुडिता आला नाही. देव बसलेले असताना प्रमुखाला देऊळ सोडून नदीपलीकडे जाता येत नाही. निघताना त्यानं गाडीच्या खिडकीतून फुलांची टोपली आत दिली होती आणि म्हणाला होता, “तियारी, मघाशी मी जे बोललो...” पुढे त्याला सुचलं नव्हतं. ती म्हणाली होती, “मी पण.”

अलितमामा पुढे बसले होते आणि त्यांच्या मनात एकच विचार घोळत होता: मी हे का करतोय? त्यांनी अख्खं आयुष्य घराची रीत सांभाळली होती. मुलाला बाहेरची मुलगी करू दिली नव्हती. वडिलांनी मरताना विचारलं होतं, दार बंद आहे ना? आणि त्यांनी हो म्हटलं होतं. आणि आज एका शेतकऱ्याच्या सुनेनं, पायावर उदबत्ती पाडून घेतलेल्या बाईनं, त्यांना एका वाक्यात गाठलं होतं. ओकाताईनं सून चांगली निवडली. ते त्यांना कबूलच करावं लागलं.

अलितच्या घरचे पुजारी म्हातारे होते, त्यांच्यापेक्षाही. त्यांनी वस्त्र बघितलं, टोपली बघितली, तियारीकडे बघितलं. देवघराच्या दगडी दारात ते अडून उभे राहिले.

“ज्यांचा निरोप आहे त्या स्वतः नाही आल्या?”

“झोपलीय,” तियारी म्हणाली.

म्हाताऱ्यांची नजर अलितकडे गेली. नदीपलीकडे उत्सव चालू आहे हे त्यांनाही ठाऊक होतं. वाऱ्याबरोबर गामेलान इथवर येत होतं. अलितनी नजर चुकवली नाही. हा क्षण त्यांना अपेक्षित होता: आता ते नाही म्हणतील, मग आपण म्हणू, बघा, मी प्रयत्न केला. आणि त्यांच्या ध्यानात आलं की पुजाऱ्यांनी नाही म्हणू नये म्हणून आपला जीव टांगणीला लागलाय.

“झोप चांगली लागलीय?” पुजाऱ्यांनी विचारलं.

“हो,” तियारी म्हणाली. “चांगली लागलीय.”

“मग उठवू नका.” ते बाजूला झाले.

वस्त्र चटईवर ठेवलं. तियारी त्याच्यामागे बसली, कारण बोलणारं कुणीतरी हवं होतं. पुजाऱ्यांनी घंटा वाजवली, पुटपुटत राहिले, मग थांबले आणि म्हणाले, “सांग.”

तियारीला ते शब्द पाठ होते. ती स्वतः एकदा बोलली होती. तरी तिला जमेना. अलितना वाटलं, आता ही रडणार आणि सगळं उघड होणार. मग ती बोलली.

“मी ओका. या घरची मुलगी. मी तुमचं अन्न खाल्लं, तुमच्या सावलीत वाढले. आता मी नवऱ्याच्या घरी चालले. माझ्यावरचा हात काढून घ्या. मला जाऊ द्या.”

त्या दिवशी, बंद दाराच्या आत उभं राहून, अलितनी ओकाताईचा असाच आवाज ऐकला होता. तेव्हा मधे लाकूड होतं, शब्द कळले नव्हते. तेव्हाही ती हेच म्हणत असावी.

पुजारी वळले. घरचा कर्ता म्हणून शेवटचं उत्तर अलितनी द्यायचं होतं. सगळं त्यांच्यावर थांबलं होतं. उदबत्तीचा धूर सुद्धा सरळ वर जात होता.

“जा,” अलित म्हणाले.

त्यांना वाटलं होतं हा शब्द जड जाईल. तो सहज निघाला. जड गेलं ते त्याच्यानंतरचं, जेव्हा पुजाऱ्यांनी वस्त्रावर तीर्थ शिंपडलं आणि तियारीनं ते उचलून छातीशी धरलं, आणि अलितनी सवयीनं ते आपल्याकडे घ्यायला हात पुढे केला.

“नको, मामा,” ती हलकेच म्हणाली. “आता ते आमचं आहे.”

*

ठरल्या दिवशी दुपारी देव गेले. छत्र्या मिटल्या, मूर्ती आत गेल्या, गामेलान थांबलं. मुडिता देवळातून धावत नाही, चालतच आला; पण अंगणात पाऊल टाकताच तो तिथंच मातीत बसला. मागून कुलकुल वाजायला लागलं, पोकळ ओंडक्यावर संथ टोले. आणि सगळ्या गल्लीत एकदम रडणं फुटलं, बायका कुंपणापलीकडे जणू श्वास धरूनच बसल्या होत्या.

“मेमे गेली,” मुडिता म्हणाला. तीन दिवसांत कुणी हे वाक्य बोललेलं नव्हतं. ते ऐकून तियारीला असा धक्का बसला की जणू आत्ताच गेली. तिला वाटलं होतं आपण तयार आहोत.

मेमेला पूर्वेच्या चौथऱ्यावर आणलं. आंघोळीचं पाणी, फुलं, डोळ्यांवर ठेवायचे आरशाचे तुकडे. लोक येत राहिले. प्रत्येकाच्या हातात तांदूळ, कापड, साखर. त्या रांगेत मामाही होते. त्यांनीही इतरांसारखेच तांदूळ आणि पांढरं कापड आणलं होतं, सरिंगच्या हातात दिलं, आणि पाहुण्यांच्या चटईवर, गावातल्या कुणा सुताराच्या शेजारी जाऊन बसले. सरिंगनं कॉफी नेली. त्यांनी ती सगळी प्यायली.

मुडिता त्यांच्याजवळ गेला. डोळे सुजलेले होते. “मामा, घरच्यांची रांग लागतेय. तुम्ही या. कोण काय म्हणणार आहे?”

“कुणी काही म्हणणार नाही रे.”

“मग?”

“परवा मी तुझ्या बायकोचं ऐकलं ना? आता तू माझं ऐक. मी इथं ठीक आहे.”

पुरोहितांनी मुडिताला हाक मारली. घरची माणसं मेमेच्या पायाशी ओळीनं बसली. मुडिता, सरिंग, त्यांची मुलं, तियारी, तिचा नवरा. सगळ्यांच्या बोटांत फुलं. घंटा वाजली आणि हात कपाळापर्यंत वर गेले.

तियारीनं डोळे मिटायला हवे होते. तिनं मान किंचित वळवून बघितलं. पाहुण्यांच्या चटईवर कुणी विडी पेटवत होतं, कुणी हळू आवाजात बोलत होतं. मामा ताठ बसले होते आणि मेमेकडे बघत होते. दोन्ही हात त्यांनी मांडीखाली दाबून धरले होते, ताटाला हात लावू नको म्हटल्यावर लहान मुलं धरतात तसे.